सत्य आणि तीन पेंढ्या

मुंबई-पुण्याच्या पदपथांवर कपड्यांचे ढीग लागतात, त्यांत एक किरमिजी टी-शर्ट हमखास असतो. छातीवर ढाल, ढालीवर तीन उघडी पुस्तके आणि त्या पुस्तकांवर तीन तुकड्यांत लिहिलेला एक लॅटिन शब्द : ‘वेरितास’. म्हणजे सत्य. हे अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठाचे ढालचिन्ह. घालणाऱ्याला ते ठाऊक असतेच असे नाही आणि त्यावाचून त्याचे काही अडतही नाही.

मला या चिन्हाचा नाद लागला तो वेगळ्या वाटेने. मी मुळात मोडी कागद वाचणारा. मराठेशाहीतल्या महजरांवर पाटलाच्या नावाशेजारी नांगर काढलेला असतो, शेट्याच्या नावाशेजारी तराजू. अक्षरओळख असो वा नसो, निशाणी उमटली की माणूस त्या कागदाला बांधला गेला. असे कागद वर्षानुवर्षे हाताळल्यावर कुठलेही चिन्ह दिसले की पहिला प्रश्न मनात येतो : ही निशाणी कोणाची? ती कोणी केली, आणि कोणाच्या जिवावर? तोच प्रश्न हार्वर्डच्या ढालीला विचारत गेलो आणि शेवटी एका गुलाम बाईच्या अर्जापाशी येऊन थांबलो.

हार्वर्ड कॉलेजची स्थापना १६३६ची. २७ डिसेंबर १६४३ रोजी नियामक मंडळाच्या बैठकीत कॉलेजच्या मुद्रेचे रेखाटन कारभाराच्या वहीत उतरवले गेले. ढालीवर तीन पुस्तके. वरची दोन उघडी, खालचे पालथे. पालथ्या पुस्तकाचा परंपरेने सांगितला जाणारा अर्थ असा, की माणसाच्या बुद्धीला मर्यादा आहे, त्यापलीकडचे सत्य ईश्वरानेच उलगडायचे. पण हे रेखाटन वहीतच राहिले. १६५०च्या मुद्रेवर ‘ख्रिस्ताच्या गौरवासाठी’ या अर्थाचे शब्द आले. १६९२मध्ये त्यांची जागा ‘ख्रिस्तासाठी आणि चर्चसाठी’ या शब्दांनी घेतली. ‘सत्य’ मात्र जवळजवळ दोनशे वर्षे दप्तरात पडून होते.

ते बाहेर काढले जोसाया क्विन्सी यांनी. हे हार्वर्डचे अध्यक्ष. द्विशताब्दीच्या निमित्ताने विद्यापीठाचा इतिहास लिहिण्यासाठी ते जुन्या वह्या चाळत होते, तेव्हा त्यांना हे विसरलेले रेखाटन सापडले. १८३६च्या समारंभात ‘वेरितास’ लिहिलेला ध्वज फडकला आणि १८४३मध्ये ते अधिकृत मुद्रेवर आले. पण चारच वर्षांत, १८४७ साली, नवे अध्यक्ष एडवर्ड एव्हरेट यांनी ते काढून पुन्हा ‘ख्रिस्तासाठी आणि चर्चसाठी’ आणले. अखेर १८८५मध्ये तडजोड झाली : मध्ये पुस्तकांवर सत्य आणि भोवती ख्रिस्त व चर्च. पुढे मधल्या काळात कधीतरी ते पालथे पुस्तकही उताणे झाले. आज टी-शर्टवर तिन्ही पुस्तके उघडी दिसतात.

रंगाचीही गोष्ट अशीच. १८५८मध्ये नौकांच्या शर्यतीत आपला संघ लोकांना ओळखू यावा म्हणून दोन वल्हेकऱ्यांनी किरमिजी रुमाल आणून वाटले. त्यांतला एक चार्ल्स एलियट. तो पुढे हार्वर्डचा अध्यक्ष झाला आणि तब्बल चाळीस वर्षे त्या पदावर राहिला. किरमिजी हा विद्यापीठाचा अधिकृत रंग ठरला १९१०मध्ये. गडबडीत आणलेल्या रुमालाची परंपरा व्हायला बावन्न वर्षे लागली.

समारंभातले सोपस्कारही मोठे मौजेचे आहेत. पदवीदानाच्या दिवशी सभा सुरू झाल्याची ललकारी विद्यापीठाचा कोणी अधिकारी देत नाही. मिडलसेक्स परगण्याचा शेरीफ व्यासपीठावर दंड आपटून ती देतो. आपल्याला दरबारातल्या चोपदाराची आठवण व्हावी. अध्यक्ष बसतात ती खुर्ची तीन पायांची, अठराव्या शतकात होलियोक नावाच्या अध्यक्षाने मिळवलेली. नव्या अध्यक्षाच्या हाती किल्ल्या, मुद्रा आणि १६५०ची सनद देण्याचा रिवाज आहे. पदवीची प्रमाणपत्रे १९६१पर्यंत लॅटिनमध्ये असत. ती इंग्रजीत करण्याचे ठरले तेव्हा विद्यार्थी रस्त्यावर उतरले होते. आपल्या धर्मानंद कोसंबींनी याच विद्यापीठात विसुद्धिमग्गाच्या संपादनाचे काम केले आणि त्यांचे पुत्र दामोदर १९२९मध्ये तिथले पदवीधर झाले. दामोदरांच्या हाती पडलेले प्रमाणपत्रही लॅटिनच असणार.

इथवर सगळे गमतीचे आहे. आता पेंढ्यांकडे वळतो.

१९३६मध्ये हार्वर्डची त्रिशताब्दी आली. त्या निमित्ताने विद्यापीठाच्या निरनिराळ्या शाखांसाठी ढालचिन्हे तयार करण्याचे काम पिएर ला रोझ या चिन्हशास्त्राच्या जाणकाराकडे गेले. कायदा महाविद्यालयाच्या ढालीसाठी त्यांनी एका देणगीदार घराण्याचे कुलचिन्ह घेतले : निळ्या भूमीवर गव्हाच्या तीन सोनेरी पेंढ्या. वरच्या पट्टीत अर्थातच ‘वेरितास’. चित्र देखणे होते. सुगी, समृद्धी, ज्ञानाचे पीक असे काहीही त्यातून वाचता येई. जवळजवळ ऐंशी वर्षे ते पत्रांच्या माथ्यावर, भिंतींवर, प्रमाणपत्रांवर मिरवले.

घराणे रॉयल नावाचे. थोरल्या आयझॅक रॉयलची संपत्ती कॅरिबियन समुद्रातल्या अँटिग्वा बेटावरची, म्हणजे उसाच्या मळ्यांची आणि त्यांवर राबणाऱ्या गुलामांची. १७३६मध्ये त्या बेटावर गुलामांच्या बंडाचा कट उघडकीला आला आणि मळेवाल्यांच्या सरकारने ७७ जणांना जिवंत जाळले. पुढच्या वर्षी हे कुटुंब गुलामांना बरोबर घेऊन बॉस्टनजवळच्या मेडफर्डला राहायला आले. तिथला वाडा आणि त्याला लागून असलेली गुलामांची वस्ती आजही उभी आहे. धाकटा आयझॅक इंग्रजांच्या बाजूचा होता. अमेरिकन क्रांती पेटताच १७७५मध्ये तो परागंदा झाला आणि १७८१ साली इंग्लंडमध्ये वारला. मृत्युपत्रात त्याने हार्वर्डला जमीन दिली होती. त्या देणगीतून १८१५मध्ये कायद्याचे पहिले अध्यासन निघाले आणि १८१७मध्ये कायदा महाविद्यालय सुरू झाले.

याच घरात बेलिंडा नावाची बाई होती. लहानपणी आफ्रिकेतून पळवून आणलेली, पन्नासेक वर्षे रॉयलांकडे राबलेली. मालक पळून गेल्यावर म्हातारपणी तिच्या आणि तिच्या आजारी मुलीच्या पोटापाण्याचा प्रश्न उभा राहिला. फेब्रुवारी १७८३मध्ये तिने मॅसॅच्युसेट्सच्या विधिमंडळाकडे अर्ज केला. तिचे म्हणणे साधे होते : ही दौलत काही अंशी माझ्या कष्टांतून उभी राहिली आहे, तिच्यातून मला निर्वाहापुरते मिळावे. विधिमंडळाने रॉयलच्या मालमत्तेतून वर्षाला १५ पौंड १२ शिलिंग मंजूर केले. पैसे मात्र नीट मिळाले नाहीत. पुढची दहा वर्षे ती पुन्हा पुन्हा अर्ज करत राहिली.

तिला लिहिता येत नव्हते. अर्ज दुसऱ्याने लिहिला आणि सहीच्या जागी तिची निशाणी आहे. हे वाचले तेव्हा मी बराच वेळ तिथेच अडकलो. एकाच मालमत्तेवर दोन खुणा : एक घराण्याच्या पेंढ्यांची, दुसरी ती दौलत ज्यांनी पिकवली त्यांच्यातल्या एकीची. पहिली ढालीवर चढली, दुसरी दप्तरात राहिली.

ती दप्तरातून बाहेर यायला इतिहासकारांची मेहनत आणि विद्यार्थ्यांचा हट्ट, दोन्ही लागले. २०१५च्या शेवटी विद्यार्थ्यांनी पेंढ्या काढा म्हणून चळवळ सुरू केली. अधिष्ठात्यांनी बारा जणांची समिती नेमली. मार्च २०१६मध्ये समितीने दहा विरुद्ध दोन अशा मतांनी चिन्ह रद्द करावे अशी शिफारस केली आणि काही दिवसांतच विद्यापीठाने ती मान्य केली.

विरोधातल्या दोघांपैकी एक होत्या ॲनेट गॉर्डन-रीड. अमेरिकेतल्या गुलामगिरीच्या थोर अभ्यासक आणि स्वतः कृष्णवर्णीय. त्यांचे म्हणणे असे, की पेंढ्या राहू द्याव्यात. पण यापुढे त्या रॉयलच्या नव्हेत, त्या पिकवणाऱ्यांच्या म्हणून ओळखल्या जाव्यात. चिन्ह काढून टाकले की त्या माणसांची आठवण ठेवण्याचे ओझेही सहज उतरते.

आपल्याला हा वाद परका नाही. मराठवाडा विद्यापीठाच्या नावासाठी १९७८ ते १९९४ महाराष्ट्राने काय पाहिले ते अजून लोकांच्या आठवणीत आहे. घरे जळाली, माणसे मारली गेली. नुसत्या नावाने काय होणार, असे तेव्हाही विचारले जाई. नावाने आणि निशाणीने हे ठरते, की या दारातून आत जाताना कोणाची मान ताठ राहील. त्यामुळे ज्या विद्यार्थ्यांना त्या पेंढ्या अंगावर वागवणे असह्य झाले, त्यांना मी चूक म्हणणार नाही. पण जुन्या कागदांत रमणारा माणूस म्हणून माझे मन गॉर्डन-रीड यांच्याकडे झुकते. पेंढ्या होत्या म्हणून कोणीतरी विचारले, या कोणाच्या? उद्या कोऱ्या भिंतीला असे कोण विचारणार?

सप्टेंबर २०१७मध्ये महाविद्यालयाच्या आवारात एका शिळेवर स्मृतिलेख बसवला गेला. ज्या गुलामांच्या श्रमांतून आलेल्या धनामुळे ही संस्था उभी राहू शकली, त्यांच्या सन्मानार्थ, असा त्याचा आशय. २०२१मध्ये नवे ढालचिन्ह आले. त्यावर सत्याच्या जोडीला कायदा आणि न्याय हे शब्द आहेत, पेंढ्या नाहीत. शिळेवरही कोणाचे नाव नाही. बेलिंडाचा अर्ज मात्र आहे, आणि अर्जाखाली तिची निशाणी आहे.