तुळजेचे नाव धारण करणारे राजे : तुळजापूर ते तंजावर

#थ्रेड

१) इ.स. १७२८. कावेरीच्या खोऱ्यातील तंजावरच्या गादीवर भोसले कुळातील एक राजा बसला. काही साधनांत त्याचे नाव ‘तुक्कोजी’ असे येते, तर काहींत ‘तुळजाजी’. ही दोन माणसे नव्हेत. एकाच राजाची ही दोन नावे आहेत आणि दोन्हींचा माग काढत गेले की वाट थेट बालाघाटाच्या डोंगरात, आजच्या धाराशिव जिल्ह्यातील तुळजापुरात येऊन थांबते.

२) एका देवीचे नाव पुरुषाचे नाव कसे झाले? तेही योद्ध्याचे, राजाचे? आणि मराठी मुलखापासून इतक्या दूर, तमिळ भूमीत ते नाव पिढ्यान्‌पिढ्या का टिकले? या प्रश्नांची उत्तरे शोधताना एक गोष्ट ध्यानात येते. व्यक्तिनाम हेही इतिहासाचे साधन आहे. मात्र ते ताम्रपटासारखेच जपून वाचावे लागते.

३) प्रथम मूळ नावाकडे. ‘तुळजा’ या शब्दाची परंपरागत व्युत्पत्ती ‘त्वरिता’ अशी सांगितली जाते. त्वरिता म्हणजे हाकेसरशी धावून येणारी. त्वरिता, तुरजा, तुळजा असा हा प्रवास मानला जातो. ‘र’ आणि ‘ळ’ यांची अदलाबदल भारतीय भाषांत नवी नाही.

४) या अर्थामागे एक कथा आहे. स्कंदपुराणाशी जोडल्या जाणाऱ्या तुळजामाहात्म्यात ती येते. कर्दम ऋषींच्या निधनानंतर त्यांची पत्नी अनुभूती हिने लहान मूल पदरी असताना तपश्चर्या आरंभली. कुकुर नावाच्या दैत्याने तिच्यावर वाईट नजर टाकली. तिने धावा केला आणि देवी त्वरेने धावून आली. दैत्याने महिषाचे रूप घेतले. देवीने त्याचा वध केला व ती यमुनाचल डोंगरावर राहिली.

५) कथेचा गाभा पाहावा. ही एकट्या पडलेल्या आईच्या हाकेला ‘ओ’ देणारी देवी आहे. ज्या काळात प्रसूती हे संकट होते आणि अर्भक जगेल याची शाश्वती नव्हती, त्या काळात अशा देवीला नवस बोलला जाणे स्वाभाविक होते. नवसाने झालेल्या मुलाला देवीचेच नाव देणे, हीही त्या नवसाची फेड होती.

६) मराठी घरांत मूल वाचवण्याच्या हेतूने नाव ठेवण्याच्या दोन रीती दिसतात. एक म्हणजे मुलाला मुद्दाम क्षुद्र नाव देणे : दगडू, धोंडू, केरबा. काळाची नजर अशा नावावर पडू नये, ही भावना. दुसरी रीत अगदी उलट. मूल देवतेच्या स्वाधीन करायचे, म्हणजे ते तिचे झाले. अंबादास, रेणुकादास, भवानराव, तुळजाराम ही दुसऱ्या रीतीची नावे.

७) पुरुषाला स्त्रीदेवतेचे नाव देण्यात मराठी मनाला काहीच विसंगत वाटले नाही. ‘अंबा’ला ‘जी’ जोडला की अंबाजी, ‘भवानी’ला ‘राव’ जोडला की भवानराव, ‘गंगे’ला ‘राम’ जोडला की गंगाराम. औंध संस्थानचे अधिपती भवानराव पंतप्रतिनिधी यांनी सूर्यनमस्कारांचा प्रसार केला. त्यांच्या नावातही ‘भवानी’च आहे.

८) याहून बोलका पुरावा तुळजापुरातच रोज ऐकू येतो. गळ्यात कवड्यांची माळ आणि हातात परडी घेतलेले आराधी देवीचा जयजयकार करतात, तो ‘आई राजा उदे उदे’ असा. आई आणि राजा ही दोन्ही संबोधने एकाच देवीला आहेत. भक्तांच्या दृष्टीने ती माता आहे आणि सत्ताधीशही. मग राजाने तिचे नाव धारण करण्यात नवल ते काय?

९) आता ‘तुका’ या रूपाकडे वळू. भवानीला ‘तुकाई’ असेही म्हणतात. लोककथा सांगते की वनवासात रामाची परीक्षा पाहण्यासाठी देवी सीतेच्या रूपात पुढे आली. रामाने तिला ओळखले आणि विचारले, ‘तू का आई?’ त्यावरून तुकाई. ही लोकव्युत्पत्ती आहे, भाषाशास्त्र नव्हे. परंतु राम आणि भवानी यांची सांगड लोकमनात किती पक्की होती, हे तिच्यावरून कळते. तुळजापुरातील घाटशीळ हे स्थानही रामकथेशीच जोडलेले आहे.

१०) तुळजा आणि तुकाई ही एकाच देवीची दोन नावे, असे परंपरा म्हणते. त्याला ऐतिहासिक आधार काय? येथे तंजावरचा राजा साक्षीला येतो. एकाच व्यक्तीला ‘तुक्कोजी’ आणि ‘तुळजाजी’ असे दोन्ही म्हटले जाई, याचा अर्थ अठराव्या शतकातील लोकांसाठी ही दोन्ही एकाच नावाची रूपे होती. एक घरगुती, दुसरे भारदस्त.

११) या राजाचे कुळ पाहू. शहाजीराजांच्या पत्नी तुकाबाई मोहिते. त्यांचे पुत्र व्यंकोजी ऊर्फ एकोजी हे तंजावरच्या मराठा राज्याचे संस्थापक आणि छत्रपती शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू. व्यंकोजींचे तीन पुत्र पाठोपाठ गादीवर आले : शहाजी (१६८४–१७१२), सरफोजी (१७१२–१७२८) आणि तुक्कोजी ऊर्फ तुळजाजी (१७२८–१७३६).

१२) या तीन भावांची नावे म्हणजे एका घराण्याचा श्रद्धेचा इतिहासच होय. थोरल्याला आजोबांचे नाव, मधल्याला आजोबांच्या भावाचे. धाकट्याचे नाव आणि आजी तुकाबाईंचे नाव एकाच मुळातून आलेले : तुकाई, भोसल्यांची कुलस्वामिनी.

१३) पहिल्या दोन नावांचा उगम तर आणखी लक्षणीय आहे. मालोजीराजे आणि उमाबाई यांना मूल होत नव्हते. त्यांनी अहमदनगर (आजचे अहिल्यानगर) येथील शाह शरीफ या पीराला नवस केला व झालेल्या दोन मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली, असे परंपरा सांगते. ‘शरीफजी’चेच पुढे तंजावरात ‘सरफोजी’ झाले आणि त्यालाही संस्कृत वळण मिळून ‘शरभोजी’ असे रूप रूढ झाले.

१४) म्हणजे व्यंकोजींच्या वाड्यातील तीन राजपुत्रांपैकी दोघांच्या नावामागे पीराचा नवस होता आणि तिसऱ्याच्या नावामागे तुळजापूरची भवानी. खुद्द व्यंकोजींच्या नावात तिरुपतीचा व्यंकटेश आहे. सतराव्या-अठराव्या शतकातील दख्खनचे धार्मिक जीवन समजून घ्यायला एवढी वंशावळ पुरेशी बोलकी आहे.

१५) पहिले तुळजाजी केवळ नावापुरते राजे नव्हते. ‘संगीतसारामृत’ हा संस्कृत ग्रंथ त्यांच्या नावावर आहे आणि कर्नाटक संगीताच्या अभ्यासात आजही त्याचा आधार घेतला जातो. संगीताच्या इतिहासात त्यांना ‘तुळज’ या नावाने ओळखतात. डोंगरातल्या देवीचे नाव असे रागलक्षणांच्या चर्चेत जाऊन बसले.

१६) त्यांचे पुत्र प्रतापसिंह यांनी १७३९ ते १७६३ पर्यंत राज्य केले. प्रतापसिंहांच्या मुलाचे नाव पुन्हा तुळजाजी. आजोबाचे नाव नातवाला देण्याची मराठी रीत तमिळ देशातही मोडली नाही. दरबारात तमिळ, तेलुगू, संस्कृत आणि मराठी अशा चार भाषा नांदत होत्या. पण पाळण्यातले नाव कुलदेवीचे राहिले.

१७) या दुसऱ्या तुळजाजींच्या वाट्याला कठीण काळ आला. १७७३ मध्ये अर्काटच्या नबाबाने ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेच्या बळावर तंजावर घेतले आणि राजाला कैद केले. लंडनमधील संचालकांना हे मान्य झाले नाही. त्यांच्या आदेशानुसार मद्रासचे गव्हर्नर लॉर्ड पिगॉट यांनी १७७६ मध्ये तुळजाजींना पुन्हा गादीवर बसवले.

१८) त्याची किंमत पिगॉटना मोजावी लागली. त्याच वर्षी त्यांच्याच कौन्सिलमधील विरोधकांनी त्यांना अटक केली आणि १७७७ मध्ये नजरकैदेतच त्यांचा मृत्यू झाला. तंजावरच्या प्रश्नाने इंग्लंडचे राजकारणही ढवळले. तुळजाजी परतले खरे, पण कंपनीचे मांडलिक म्हणून. राज्य उरले ते नावाला.

१९) १७८७ मध्ये मृत्यूपूर्वी तुळजाजींनी भोसले कुळातील एका मुलाला दत्तक घेतले आणि त्याचे नाव ठेवले सरफोजी. पुन्हा तेच जुने कुळनाम. श्वार्त्झ या जर्मन मिशनऱ्यावर त्याच्या पालकत्वाची जबाबदारी सोपवली गेली. हेच पुढे सरस्वती महाल ग्रंथालय समृद्ध करणारे दुसरे सरफोजी (१७९८–१८३२).

२०) याच सरफोजींनी १८०३ मध्ये तंजावरच्या बृहदीश्वर मंदिराच्या भिंतीवर भोसले वंशाचा इतिहास मराठीत कोरवून घेतला. राज्यकारभार कंपनीच्या हाती गेला होता. हाती उरली होती ती वंशाची स्मृती. ती दगडावर लिहिली गेली आणि नावांमधूनही जपली गेली. अखेरच्या राजाचे नाव शिवाजी होते. १८५५ मध्ये ते वारले आणि औरस पुत्र नसल्याचे कारण देऊन कंपनीने संस्थान संपवले.

२१) तंजावरबाहेरही ही नावे पसरली. अहिल्याबाई होळकरांच्या फौजेचे नेतृत्व करणारे तुकोजीराव होळकर प्रसिद्धच आहेत. होळकरांच्या घरात मल्हारराव, खंडेराव ही खंडोबाची नावे आणि तुकोजीराव हे नाव एकत्र नांदत होते. विजयदुर्गाच्या तुळाजी आंग्र्यांचे नावही याच कुळातले मानले जाते. १७५६ मध्ये इंग्रज आरमार आणि पेशवे यांच्या संयुक्त मोहिमेत त्यांचा पराभव झाला.

२२) नावांना जात-पंथांच्या भिंती फारशा अडवत नाहीत. बारामतीचे तुळजाराम चतुरचंद महाविद्यालय १९६२ साली सुरू झाले. ते चालवणाऱ्या संस्थेच्या नावात ‘अनेकान्त’ ही जैन दर्शनातील संकल्पना आहे आणि महाविद्यालयाच्या नावात तुळजा.

२३) आता सावधगिरीचा मुद्दा. प्रत्येक ‘तुका’ तुळजेचाच, असे विधान करता येत नाही. ‘तुळशीराम’ हे तुळशीचे नाव आहे, तुळजेचे नव्हे. केवळ उच्चारसाम्यावरून नाते जोडणे हा हौशी इतिहासलेखनाचा मोठा दोष. कुलदैवत कोणते, घराण्यात आधी ते नाव कोणाचे होते, समकालीन कागदांत कोणती रूपे येतात, या तीन गोष्टी जुळल्या तरच नावाची साक्ष ग्राह्य धरावी. तंजावरच्या तुळजाजींच्या बाबतीत तिन्ही जुळतात.

२४) हीच दृष्टी भारतभर उपयोगी पडते. केरळात ‘उण्णिकृष्णन’ हे नाव ऐकले की गुरुवायूरचा बालकृष्ण आठवतो. मल्याळम भाषेत ‘उण्णि’ म्हणजे लहान मूल. ‘अय्यप्पन’ म्हटले की शबरीमलाचा डोंगर उभा राहतो. ओडिशात जगन्नाथ, आंध्रात वेंकटेश्वर. देवस्थानाचा प्रभाव कोठवर पोचला होता, हे नकाशावर रेघ ओढून दाखवता येत नाही. पाळण्यातल्या नावांवरून मात्र ते बरेचसे उमगते.

२५) धाराशिव जिल्ह्यापुरतेच पाहिले तरी हा नकाशा भरगच्च आहे. तेरच्या संत गोरा कुंभारांमुळे ‘गोरोबा’, अणदूर-नळदुर्गच्या खंडोबामुळे ‘खंडू’ आणि ‘मल्हारी’, तुळजापूरमुळे ‘अंबादास’ आणि ‘तुळजाराम’. जिल्ह्याचे नावही काही काळ एका व्यक्तीवरून होते : सातवे निजाम मीर उस्मान अली खान यांच्यावरून उस्मानाबाद. २०२३ पासून अधिकृत नाव धाराशिव आहे.

२६) आज ही नावे मागे पडत आहेत. तुळजाराम, अंबादास, गोरोबा ही नावे नव्या पिढीला जुनाट वाटतात. आईबापांनी आपल्या आवडीचे नाव ठेवावे, यात गैर काही नाही. पण जुने नाव वापरातून गेले की त्याबरोबर एक नोंदही जाते : ते घराणे कुठून आले, कोणत्या देवाला हाक मारत होते आणि कोणत्या संकटात त्याने कोणाचा आश्रय घेतला.

२७) तंजावरच्या भोसल्यांनी राज्य गमावले, फौज, खजिना आणि शेवटी गादीही गेली. पण त्यांच्या वंशावळीत ‘तुळजाजी’ हे एक नाव दोनदा आहे आणि तेवढ्यावरून कावेरीकाठच्या या राजांचे बालाघाटाशी असलेले नाते आजही सिद्ध करता येते.

२८) घरातील वडीलधारी मंडळी आहेत तोवर पणजोबा-खापरपणजोबांची नावे आणि ती का ठेवली गेली, हे विचारून लिहून ठेवावे. कुलदैवताचे नाव, मूळ गाव आणि नवसाची गोष्ट ऐकायला मिळाली तर तीही नोंदवावी. अशा वह्या कोणत्याही दफ्तरखान्यात सापडत नाहीत. त्या घरीच लिहाव्या लागतात.

#समाप्त