भांडारेकराने ऐकलेली वाणी

भंडारा म्हटले की वैनगंगा, धानाच्या बांध्या आणि पितळी भांडी डोळ्यांपुढे येतात. पण मराठी वाङ्मयात हे गाव एका भक्ताच्या नावातून राहिले आहे : नीळभट्ट भांडारेकर. तेराव्या शतकात हा गृहस्थ घरदार सोडून श्रीचक्रधरांच्या मागे निघाला.

चक्रधर बोलत ते मराठीत. महानुभावांच्या लेखी ते शब्द साक्षात परमेश्वराचे. म्हणून म्हाइंभटांनी शके १२०० च्या सुमारास लीळा जमविल्या, केशिराजांनी सूत्रे वेचली. पुढे पाठभेद आढळला, तर तोही न टाकता ‘वासना’ म्हणून नोंदविला. संस्कृतात लिहिण्याचा प्रश्न निघाला, तेव्हा नागदेवाचार्यांनी नकार दिला. वृद्ध बायाबापड्या या वाणीला मुकल्या असत्या.

आणि नवल पाहा! याच पंथाने चौदाव्या शतकात अक्षरांच्या जागी दुसरी अक्षरे योजून ही वाणी सकळ लिपीत कुलूपबंद केली. ती परक्यांपासून जपली गेली खरी, पण इतर मराठी वाचक तिला शतकानुशतके पारखा झाला. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे यांनी लिपीची उकल केली, तेव्हा कोठे हे आद्य गद्य सर्वांपुढे येऊ लागले.

पवित्र शब्द जपावा, हे खरेच. पण भांडारेकराने पोथी वाचली नव्हती. त्याने मराठी बोल ऐकले, आणि तो निघाला.