गैरहजेरीमुळे काढून टाकलेला दावा किंवा अर्ज पुन्हा सुरू करण्याची मुदत

तारखेला कोर्टात हजर न राहिल्यामुळे दावा, अपील किंवा अर्ज काढून टाकला गेला, तरी हक्क तिथेच संपत नाही. तो पुन्हा मूळ नंबरावर घेण्यासाठी अर्ज करता येतो. मात्र त्याला ठरलेली मुदत आहे आणि बहुतेक प्रकरणांत ती फक्त ३० दिवसांची आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ आणि मुदत अधिनियम, १९६३ हे कायदे याबाबत लागू होतात.

प्रकरण कशामुळे संपले ते आधी पाहा

पुढची वाट यावरच ठरते. रोजनामा किंवा आदेश वाचून खालीलपैकी काय झाले ते पाहून घ्या.

- दोन्ही पक्ष गैरहजर (आदेश ९, नियम ३): वादी दावा पुन्हा सुरू करण्याचा अर्ज करू शकतो. मूळ दाव्याची मुदत शिल्लक असेल तर नवीन दावाही दाखल करता येतो.
- प्रतिवादी हजर, वादी गैरहजर (आदेश ९, नियम ८): त्याच कारणासाठी नवीन दावा करता येत नाही. नियम ९ खाली अर्ज करून तोच दावा पुन्हा सुरू करून घ्यावा लागतो. म्हणून इथे मुदत चुकवणे सर्वांत महागात पडते.
- प्रतिवादीविरुद्ध एकतर्फी हुकूमनामा: नियम १३ खाली तो रद्द करून मागता येतो.
- पुरावा पाहून गुणवत्तेवर निकाल: इथे पुनःस्थापनेचा अर्ज चालत नाही. अपील करावे लागते.

कोणत्या अर्जाला किती मुदत

- गैरहजेरीमुळे काढलेला दावा, अपील, पुनर्विलोकन किंवा पुनरीक्षण अर्ज: काढून टाकल्याच्या तारखेपासून ३० दिवस (अनुच्छेद १२२).
- एकतर्फी हुकूमनामा रद्द करणे: हुकूमनाम्यापासून ३० दिवस. समन्स रीतसर बजावलेच नसेल, तर हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून ३० दिवस (अनुच्छेद १२३). यासाठी वर्तमानपत्रातून किंवा नोटीस चिकटवून केलेली पर्यायी बजावणी रीतसर बजावणी धरली जात नाही.
- हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची दरखास्त: ३० दिवस (आदेश २१, नियम १०६).
- पक्षकार मयत झाल्यास वारसांची नावे लावणे: मृत्यूपासून ९० दिवस. ती मुदत गेल्यामुळे दावा उपशमित झाल्यास, उपशमन रद्द करण्यासाठी पुढे ६० दिवस (अनुच्छेद १२० व १२१).
- पुनःस्थापनेचा अर्जही गैरहजेरीत निघाला तर: संहितेच्या कलम १४१ च्या स्पष्टीकरणामुळे तो परत सुरू करून मागता येतो. अनुच्छेद १२२ मध्ये अशा अर्जाचे नाव नाही, म्हणून तीन वर्षांच्या सर्वसाधारण मुदतीचा (अनुच्छेद १३७) आधार घेतला जातो. तरीही ३० दिवसांच्या आतच अर्ज करणे सुरक्षित.

दिवस कसे मोजायचे

आदेशाचा दिवस सोडून दुसऱ्या दिवसापासून मोजणी होते. उदा. दावा ३ जूनला काढला, तर शेवटचा दिवस ३ जुलै. त्या दिवशी कोर्ट बंद असेल, तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अर्ज देता येतो.

अपिलात प्रमाणित नक्कल मिळवण्यासाठी लागलेला काळ वगळला जातो, पुनःस्थापनेच्या अर्जात ही सवलत नाही. त्यामुळे नक्कल हातात येण्याची वाट पाहत बसू नका.

मुदत उलटून गेली असेल तर

मुख्य अर्जासोबत विलंब माफीचा अर्ज द्यावा (मुदत अधिनियम, कलम ५). अशा वेळी दोन वेगवेगळ्या गोष्टी सांगाव्या लागतात:

१. त्या तारखेला हजर का राहता आले नाही.
२. त्यानंतर मुदतीत अर्ज का करता आला नाही.

पुष्कळ अर्जांत पहिलेच कारण लिहिलेले असते आणि दुसरे राहून जाते. आजारपण असेल तर दवाखान्याची कागदपत्रे, मृत्यू असेल तर दाखला, कामासाठी परगावी गेला असाल तर त्याचा पुरावा जोडा.

वकिलाच्या चुकीमुळे तारीख हुकली असेल तर तसे शपथपत्रात स्पष्ट लिहा. वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) या प्रकरणात म्हटले आहे. तरी आपण स्वतः चौकशी करत होतो हे दाखवावे लागते.

महत्त्वाचे: कलम ५ ची सवलत आदेश २१ खालील अर्जांना लागू नाही. त्यामुळे दरखास्तीच्या बाबतीत ३० दिवस कडक समजावेत. उच्च न्यायालयांना आपापल्या राज्यापुरती नियमांत दुरुस्ती करता येते, म्हणून स्थानिक नियम वकिलाकडून विचारून घ्या.

अर्ज कसा करावा

- ज्या कोर्टाने प्रकरण काढून टाकले, त्याच कोर्टात अर्ज द्यावा.
- अर्जात प्रकरण क्रमांक, काढून टाकल्याची तारीख आणि कारण लिहावे. सोबत शपथपत्र व पुरावे जोडावेत.
- विरुद्ध पक्षाला नोटीस काढली जाते. कारण पुरेसे वाटल्यास कोर्ट दावा परत मूळ नंबरावर घेते. त्यासाठी खर्च भरण्याची अट घातली जाऊ शकते.
- नियम ९ किंवा नियम १३ खालचा अर्ज नामंजूर झाल्यास आदेश ४३ खाली अपील करता येते. ते जिल्हा न्यायालयात ३० दिवसांत, उच्च न्यायालयात ९० दिवसांत करावे लागते.

मोफत वकील कोणाला मिळतो

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार महिला, मुले, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, दिव्यांग, औद्योगिक कामगार, आपत्तीग्रस्त आणि कोठडीतील व्यक्ती यांना मोफत विधी साहाय्य मिळते. या सर्वांना उत्पन्नाची अट नाही. इतरांना राज्याने ठरवलेल्या उत्पन्न मर्यादेत हा लाभ मिळतो. कोर्ट फी व इतर खर्चाचाही यात समावेश होतो. तालुका विधी सेवा समिती किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात अर्ज करा, अथवा १५१०० या हेल्पलाइनवर फोन करा.

पुढची तारीख चुकू नये म्हणून

प्रत्येक प्रकरणाला १६ अक्षरांचा सीएनआर क्रमांक असतो. तो लिहून ठेवा. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा मोबाइल ॲपवर तो टाकला की पुढची तारीख आणि प्रकरणाची स्थिती दिसते. मोबाइल नसेल तर कोर्टाच्या कार्यालयात किंवा ई-सेवा केंद्रात विचारा. प्रकरण काढून टाकल्याचे कळताच त्याच दिवशी वकिलाला किंवा विधी सेवा कार्यालयाला गाठा, कारण ३० दिवसांची मोजणी तोपर्यंत सुरू झालेली असते.