पडद्यामागचा कान



सिनेमा पाहून आपण घरी जातो तेव्हा तोंडी नटनटीचे नाव असते, फार तर दिग्दर्शकाचे. नटाचा शब्द ज्याने फितीवर उतरविला, त्याची आठवण कोणी काढीत नाही. आम्हा कामगार चळवळीतल्या माणसांना ही रीत परिचयाची आहे. यंत्र सुरळीत चालते, तोवर यंत्रावरचा माणूस कोणाला दिसत नाही. म्हणून आज ईश्वरपूरच्या शेजारच्या कोल्हापुरात घडलेल्या एका कारागिराचा इतिहास सांगतो.

विष्णुपंत दामले यांचा जन्म १८९२ चा. कोल्हापुरात पेंटर बंधूंच्या हाताखाली ते पडदे रंगविण्यास शिकले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनीत वाढले. १९२९ साली शांताराम, फत्तेलाल, धायबर व कुलकर्णी यांच्यासह त्यांनी ‘प्रभात’ उभी केली. १९३१ साली ‘आलम आरा’ने बोलपटाचे युग सुरू केले. दुसऱ्याच वर्षी ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’ मराठीत बोलला. त्याचे ध्वनिमुद्रण दामल्यांकडे होते. चाळिशीच्या उंबरठ्यावरचा हा चित्रकार नव्या यंत्रापुढे विद्यार्थी होऊन बसला!

काम सोपे नव्हते. आवाजाची वीज होई, विजेचा प्रकाश होई आणि प्रकाशाची रेघ फितीवर उमटे. गाणेही चित्र घेतानाच टिपावे लागे. साथीदार कॅमेऱ्याच्या नजरेआड बसत. एक खोकला आला की सारी मेहनत फुकट. पुढे संकलकाच्या मेजावर चित्राची फीत आणि आवाजाची फीत जुळवावयाची. सेकंदाला चोवीस चित्रे सरकतात. थोडीशी चूक झाली तरी ओठ आणि शब्द यांची फारकत होते.

हाच कान घेऊन दामले पुढे दिग्दर्शनात उतरले. फत्तेलालांसह त्यांनी केलेला ‘संत तुकाराम’ १९३६ साली आला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात वाखाणला गेला. अभंगावर उभा असलेला चित्रपट ध्वनिमुद्रकाच्या हातून घडावा, यात मला तरी नवल वाटत नाही.

दामले १९४५ साली गेले. १९५३ साली ‘प्रभात’ बंद पडली. तिच्या पुण्यातील स्टुडिओत १९६० पासून सरकारी संस्था आहे. तेथे ध्वनिमुद्रण आणि संकलन रीतसर शिकवितात. विद्येला घर मिळाले. पण दामले भागीदार होते, म्हणून त्यांचे नाव उरले. त्यांच्यासाठी मायक्रोफोन धरणारे, तारा ओढणारे, फीत धुणारे व जोडणारे हात कोणाचे होते? आज चित्रपट संपल्यावर अशी नावे पडद्यावर सरकतात आणि नेमके तेव्हाच आपण चपला शोधू लागतो. पुढल्या वेळी दोन मिनिटे बसून ती वाचा, एवढीच विनंती.