वृषणकोश व वृषणरज्जू यांचे श्राव्यातीत चित्रण

मानवी कानाला ऐकू न येणाऱ्या, म्हणजे सेकंदाला २०,००० पेक्षा अधिक कंपने असलेल्या ध्वनितरंगांचे प्रतिध्वनी टिपून वृषण, त्यांना वेढणारा वृषणकोश आणि ज्याला वृषण टांगलेला असतो तो वृषणरज्जू यांच्या प्रतिमा मिळविण्याची निदानपद्धती. व्यवहारात ती सोनोग्राफी या नावाने परिचित आहे. वृषणरज्जूत वृषणाची रोहिणी, नीलांचे जाळे, लसीकावाहिन्या, तंत्रिका व रेतवाहिनी एकत्र असतात. या पद्धतीच्या इतिहासात चिकित्सकांचे लक्ष प्रथम वृषणाच्या रचनेकडे, नंतर त्यातील रक्तप्रवाहाकडे आणि बऱ्याच उशिरा खुद्द रज्जूकडे वळले.

ही पद्धती येण्यापूर्वी वृषणकोशाच्या सुजेचे निदान मुख्यतः हाताच्या स्पर्शावर आणि अंधाऱ्या खोलीत विजेरी लावून केलेल्या पाहणीवर अवलंबून असे. सुजेत स्वच्छ पाणी असल्यास ती तांबूस उजळते, घन गाठ काळीच राहते. मात्र कोशाचे आवरण जाड झालेले असल्यास किंवा पाण्यात रक्त मिसळलेले असल्यास प्रकाश आरपार येत नाही, तसेच जलवृषणाआड दडलेले अर्बुद हाताला लागत नाही.

प्येर व झाक क्यूरी या बंधूंनी १८८० मध्ये दाबविद्युत् परिणामाचा शोध लावला. पहिल्या महायुद्धात पॉल लांझव्हँ यांनी पाणबुड्यांच्या शोधासाठी त्याचा उपयोग केला. ग्लासगो येथील इयन डॉनल्ड व त्यांचे सहकारी यांनी १९५८ मध्ये उदरातील गाठींच्या तपासणीविषयीचा निबंध प्रसिद्ध केल्यावर या तंत्राला वैद्यकात प्रतिष्ठा लाभली. वृषणांच्या चित्रणाविषयीचा मिस्किन व बेन यांचा निबंध १९७४ मध्ये प्रसिद्ध झाला. वास्तविक हा अवयव या तंत्राला अतिशय सोयीचा आहे. कंप्रता वाढविली की तपशील सूक्ष्म मिळतो, पण तरंग खोलवर पोहोचत नाहीत. वृषण त्वचेलगतच असल्याने ही अडचण येथे उरत नाही. १० मेगॅहर्ट्‌झ कंप्रतेला ऊतकातील तरंगलांबी सु. ०·१५ मिमी. असते. गाठ वृषणाच्या आत आहे की बाहेर, हा शस्त्रक्रियेच्या दृष्टीने कळीचा प्रश्न त्यामुळे बहुधा सुटतो. कारण आतील घन गाठ कर्करोगाची असण्याचा संभव मोठा असतो.

अधिक बिकट प्रश्न वृषणाला पडणाऱ्या पिळाचा होता. हा विकार प्रामुख्याने किशोरवयात उद्‌भवतो. रज्जूला पीळ बसून रक्तपुरवठा तुटतो. सु. सहा तासांत तो पूर्ववत झाल्यास वृषण बहुधा वाचतो, चोवीस तासांनंतर क्वचितच. अधिवृषणाच्या दाहातही अशीच वेदना व सूज येते, परंतु तेथे शस्त्रक्रिया नव्हे, औषधे लागतात. १९७५ च्या सुमारास डॉप्लर तत्त्वावरील श्रवणयंत्राने वृषणातील रक्तप्रवाह ऐकण्याचा उपाय पुढे आला. तो फसवा ठरे, कारण सुजलेल्या कोशाच्या त्वचेतील वाढलेला प्रवाहच कित्येकदा ऐकू येई. रंगीत डॉप्लर चित्रणाने प्रवाहाची नेमकी जागा दिसू लागली. १९९० मध्ये मिडल्टन व सहकाऱ्यांनी त्याची किरणोत्सर्गी द्रव्याच्या साहाय्याने होणाऱ्या चित्रणाशी तुलना प्रसिद्ध केली आणि पुढे रंगीत डॉप्लर हीच रूढ तपासणी झाली.

तथापि प्रवाह दिसला म्हणजे पीळ नाही, हा निष्कर्ष घाईचा होता. पीळ सैल असल्यास पातळ भित्तीच्या नीला आधी दबतात, रोहिणीतून मात्र रक्त काही काळ येत राहते. फ्रान्समधील बो व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९८ मध्ये रज्जूचा सर्पिल पीळच प्रतिमेत शोधावा, असे प्रतिपादिले. कोईमतूर येथील विजयराघवन यांनी २००६ मध्ये भोवऱ्यासारख्या दिसणाऱ्या त्याच्या आकृतीचे विवेचन केले. २००७ मध्ये काल्फा व इतरांनी अनेक रुग्णालयांतील मुलांची पाहणी प्रसिद्ध केली. तीत पीळ पडलेल्या २०८ मुलांपैकी ५० जणांच्या वृषणातील प्रवाह डॉप्लर तपासणीत प्राकृत किंवा वाढलेलाच आढळला होता. केवळ प्रवाहावर विसंबले असते, तर या मुलांच्या बाबतीत चूक घडली असती. रज्जूचा पीळ मात्र १९९ जणांत दिसला. लक्षणे स्पष्ट असताना चित्रणासाठी शस्त्रक्रिया लांबविणे अर्थातच गैर होय.

रज्जूच्या चित्रणाचा लाभ हत्तीरोगाच्या अभ्यासासही झाला. या रोगाचे प्रौढ कृमी पुरुषांत बहुधा रज्जूच्या लसीकावाहिन्यांत राहतात. पूर्वी त्यांच्या अस्तित्वाचे अनुमान रात्री घेतलेल्या रक्तातील सूक्ष्म डिंभांवरून करीत. ब्राझीलमधील रेसीफे येथील संशोधकांनी १९९४ मध्ये जिवंत कृमींची अखंड वळवळ पडद्यावर दाखविली. तिला ‘फायलेरियाचे नृत्य’ असे नाव पडले. ही वळवळ थांबली की औषधाने कृमी मेले असे समजते. पूर्व विदर्भासारख्या भागांत, जेथे हत्तीरोग व त्यातून होणारे जलवृषण दीर्घकाळ आढळत आले आहे, तेथे अद्याप बाह्य लक्षणे नसलेल्या पुरुषांतही या तपासणीने कृमी ओळखता येतात.