टोल नको, या अटीवर बांधलेला पूल

वांद्र्याहून बसने माहीमला निघालो की मिठीच्या मुखाशी नाकाला रुमाल लागतो. त्या दोन मिनिटांत आपण १८० वर्षांचा रस्ता ओलांडत असतो. माहीम कॉजवे.

तेव्हा वांद्रे, अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड ही सगळी साष्टी बेटावरची गावं. मुंबई खाडीपलीकडे. शीवला डंकन साहेबाचा बांध होता, पण वांद्र्याच्या माणसाला तो लांबचा वळसा. शिवाय तिथे १८३१ पर्यंत टोल होता. त्यामुळे माहीमला जायचं ते होडीनं. पावसाळ्यात होड्या उलटायच्या, माणसं बुडायची. पूल हवा हे सगळ्यांना पटत होतं, पण कंपनी सरकार खिशात हात घालायला तयार नव्हतं.

पैसे दिले अवाबाईंनी. सर जमशेटजी जीजीभाईंच्या पत्नी. आपण ज्याला एल. जे. रोड म्हणतो, तो यांच्याच नावाचा. १८४३ ला काम सुरू झालं, मध्येच पैसे संपले, बाईंनी पुन्हा दिले. एकूण १ लाख ५७ हजार. अट एकच: या वाटेवर सरकारने लोकांकडून टोल घ्यायचा नाही. १८४५ मध्ये रस्ता खुला झाला.

आता हेही सांगायला हवं की या घराण्याची संपत्ती चीनच्या व्यापारातून आली, त्यात अफूही होती. म्हणून देव्हाऱ्यात बसवायला नको. पण ती अट मात्र लक्षात ठेवण्यासारखी आहे.

कारण त्याच खाडीसमोर २००९ मध्ये सी लिंक आला. टोल आहेच, पण पैसे द्यायची तयारी असली तरी चालणाऱ्याला, सायकलवाल्याला, दुचाकीला, रिक्षाला तिथे बंदी. २०२४ च्या ऑक्टोबरात मुलुंड, दहिसरसकट पाच नाक्यांवर हलक्या गाड्यांचा टोल माफ झाला. चांगलंच झालं. पण ज्याच्याकडे गाडीच नाही, त्याला त्यातून काय मिळालं?

कॉजवेवरून आजही कुणीही पायी जाऊ शकतं. फुकट.

आता वर्सोवा-वांद्रे सी लिंकचं काम चालू आहे. किती कोटी, किती मिनिटं वाचणार, हे आपण सगळे विचारतो. एक प्रश्न अजून विचारू या का? त्यावरून चालत जाता येणार का?