नौदल सामग्री संशोधन प्रयोगशाळा, अंबरनाथ

नौदल सामग्री संशोधन प्रयोगशाळा, म्हणजेच ‘एनएमआरएल’, ही संरक्षण संशोधन व विकास संघटनेची (डीआरडीओ) संस्था ठाणे जिल्ह्यातील अंबरनाथ येथे आहे. जहाजे व पाणबुड्या यांना लागणारे धातू, रंगलेप, रबर, बहुवारिके आणि विद्युत-रासायनिक ऊर्जासाधने हे तिचे कार्यक्षेत्र. १९५३ मध्ये मुंबईच्या नौदल गोदीत ‘नेव्हल केमिकल अँड मेटलर्जिकल लॅबोरेटरी’ या नावाने तिचा आरंभ झाला. १९६०च्या दशकात ती डीआरडीओच्या कक्षेत आली आणि पुढे अंबरनाथला स्थलांतरित झाली.

समुद्राशी सामना

समुद्राच्या पाण्यात सुमारे ३.५ टक्के क्षार असतात आणि हे पाणी विजेचे उत्तम वाहक असते. जहाजाचा पोलादी तळ आणि कांस्याचा पंखा एकाच वेळी त्यात बुडालेले असल्याने त्यांचा जणू विद्युतघटच तयार होतो व पोलाद झिजू लागते. त्यावर उपाय म्हणून तळाला जस्ताच्या किंवा ॲल्युमिनियमच्या मिश्रधातूचे ठोकळे जोडतात. हे ठोकळे स्वतः झिजतात आणि पोलादाला वाचवतात.

दुसरा प्रश्न जीवसृष्टीचा. शेवाळ, शिंपले व बार्नेकल तळाला चिकटले की जहाजाचा वेग घटतो आणि इंधनाचा खर्च वाढतो. कथिलाची सेंद्रिय संयुगे असलेले रंग यावर फार प्रभावी होते. परंतु सागरी जीवांना ती घातक ठरल्याने २००१ मध्ये त्यांच्यावर बंदी घालणारा आंतरराष्ट्रीय करार झाला व २००८ मध्ये तो अमलात आला. तेव्हापासून परिणामकारक, तरीही कमी विषारी लेपांचा शोध सर्वत्र सुरू आहे. तिसरा प्रश्न आवाजाचा. यंत्रांची कंपने शोषणारी आणि शत्रूच्या सोनारचा ध्वनी परत न पाठवणारी रबरी आवरणे पाणबुडीच्या दृष्टीने जीवनमरणाचा विषय आहेत.

श्वास न घेणारी पाणबुडी

प्रयोगशाळेचे सर्वाधिक चर्चिले गेलेले काम म्हणजे ‘एआयपी’, अर्थात बाहेरच्या हवेवाचून चालणारी ऊर्जायंत्रणा. डिझेल-विद्युत पाणबुडी पाण्याखाली बॅटरीवर चालते. बॅटरी उतरली की तिला पृष्ठभागाजवळ येऊन नळी वर काढावी लागते, हवा घेऊन डिझेल इंजिने चालवावी लागतात. नेमकी याच वेळी ती रडारच्या दृष्टीस पडू शकते. एआयपी असल्यास मंद वेगाने सुमारे दोन आठवडे खाली राहता येते.

ही वीज मिळवण्याचे अनेक मार्ग आहेत. स्वीडनने स्टर्लिंग इंजिन निवडले, फ्रान्सने ‘मेस्मा’ ही वाफेवर चालणारी यंत्रणा, तर जर्मनीने पॉलिमर पटलाचे इंधनघट. जर्मन २१२-ए पाणबुड्यांत हायड्रोजन धातूच्या हायड्राइडमध्ये साठवलेला असतो. अंबरनाथने फॉस्फोरिक आम्लाचे इंधनघट निवडले. साठा बाळगण्याऐवजी पाणबुडीतच सोडियम बोरोहायड्राइडपासून हायड्रोजन तयार करण्याची पद्धत त्याला जोडली.

या निवडीचे फायदे-तोटे सामग्रीशीच निगडित आहेत. हे घट १५० ते २०० अंश सेल्सियसवर चालतात आणि हायड्रोजनमधील अशुद्धी बऱ्यापैकी सहन करतात. मात्र तापलेल्या आम्लात टिकतील असे पदार्थ मोजकेच: ग्रॅफाइटच्या पट्ट्या, सिलिकॉन कार्बाइडची आम्लधारक जाळी, प्लॅटिनमचा उत्प्रेरक. शिवाय त्याच आकारमानात पॉलिमर घटांपेक्षा वीज कमी मिळते. पाणबुडीत जागा आधीच तोकडी असल्याने ही उणीव लहान नव्हे.

प्रयोगशाळेतून समुद्राकडे

८ मार्च २०२१ रोजी या यंत्रणेच्या जमिनीवरील नमुन्याची चाचणी यशस्वी झाली. दीर्घकाळ चालणे आणि कमाल शक्ती देणे या दोन्ही कसोट्यांवर ती उतरली. लार्सन अँड टुब्रो व थरमॅक्स हे उद्योग या प्रकल्पात सहभागी आहेत. ३० डिसेंबर २०२४ रोजी संरक्षण मंत्रालयाने माझगाव डॉकशी सुमारे १,९९० कोटी रुपयांचा करार केला. त्यानुसार ही यंत्रणा सामावणारा नवा खंड बांधून तो पाणबुडीत बसवायचा आहे. त्यासाठी तयार पाणबुडी मधोमध कापून तिची लांबी वाढवावी लागते.

माझगाव डॉकने बांधलेल्या कलवरी वर्गाच्या सहाही पाणबुड्या एआयपीविना नौदलात आल्या. पहिली डिसेंबर २०१७ मध्ये, तर सहावी ‘वागशीर’ जानेवारी २०२५ मध्ये. पाकिस्तानच्या ऑगोस्टा-९०बी पाणबुड्यांत मेस्मा त्याच्या कितीतरी आधी पोहोचली होती. अंबरनाथचे काम केवळ आयात टाळण्यापुरते मर्यादित नाही, ते या अंतरामुळेच. जमिनीवर सिद्ध झालेला घट खाऱ्या हवेत, बंदिस्त जागेत आणि माणसांच्या निकट सहवासात वर्षानुवर्षे बिनबोभाट चालला, तरच सात दशकांच्या या रसायनविद्येचे चीज झाले असे म्हणता येईल.